मधमेणाची फडकी घरी केली, पण चिकटतात आणि मेण सुटतं. कुठे चुकतंय?

अंबानगरी
२१ एप्रिल, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. इथे बरीच वर्षं नुसती वाचतेय, आज पहिल्यांदा विचारतेय.

दिवाळीत ओट्याखालचा कप्पा आवरताना क्लिंग फिल्मची तीन रिकामी नळकांडी निघाली. वर्षभरात तीन रोल. कशाला वापरले, तर अर्धा कांदा, खोबऱ्याची वाटी आणि रात्री उरलेली कणीक झाकायला. एकदा वापरायचं की घंटागाडीत. ते बघून इतकं वाईट वाटलं की नवीन रोल आणायचा नाही असं त्याच दिवशी ठरवलं. माझ्या बहिणीकडे मधमेण लावलेली विकतची दोन सुती फडकी आहेत आणि ती छान चालतात. मला घरीच करायची आहेत. जुनं कापड ढीगभर पडलंय आणि घरात लागणारी आठ-दहा फडकी विकत घेणं परवडत नाही.

मार्चमध्ये केली ती अशी. मेण १०० ग्रॅम, मेणबत्तीचं सामान मिळतं त्या दुकानातून आणलेलं, शुभ्र पांढरी वडी. राळ ३० ग्रॅम, धूपासाठी मिळते ती पूड. शेंगदाण्याचं तेल दोन मोठे चमचे. कापड म्हणजे माझ्या दोन जुन्या ओढण्या. मेण किसलं, कापडावर कीस आणि राळेची पूड भुरभुरवली, तेलाचे थेंब टाकले, वर-खाली बटर पेपर ठेवून इस्त्री फिरवली. दिसायला सुरेख झाली होती, सासूबाईंनाही आवडली.

मग एकेक सुरू झालं. कापडावर जागोजागी तपकिरी ठिपके आहेत, तिथे बोट चिकटतं. बाकीचं कापड मात्र वाडग्याच्या काठाला धरतच नाही, लगेच उलगडतं. घडी पडते तिथे पांढरी रेघ उमटते आणि कपच्या सुटतात. परवा कणकेच्या गोळ्यावर पांढरे कण दिसले. आता उन्हाळा लागलाय, अमरावतीत ४२-४३ चाललंय, तर दुपारी एकावर एक ठेवलेली फडकी चिकटून एक झाली, सोलून वेगळी करावी लागली. तीन आठवड्यांत खवट वासही यायला लागला.

शेवटचं म्हणजे पोळ्या. ह्यांच्या डब्यासाठी तव्यावरून उतरलेल्या पोळ्या मी फडक्यात गुंडाळून दिल्या. वरच्या पोळीवर मेणाचा पापुद्रा बसला. ह्यांनी ती मुकाट्यानं खाल्ली आणि रात्री हळूच सांगितलं. तेव्हापासून जिवाला लागून राहिलंय, पोटात गेलेलं मेण बाधतं का?

प्रमाण चुकलंय, सामान चुकलंय की पद्धत? मला हे सोडायचं नाहीये. कुणी केलं असेल तर कृपया नीट सांगा.


कुडाळकर
२२ एप्रिल, सकाळी ७:०५

ताई, मेणाचं मला माहीत नाही, पण पोळ्यांचं सांगतो. गरम भाकरी-पोळी आमच्याकडे अजूनही केळीच्या पानात नाहीतर सुती पंच्यात जाते. पान आधी विस्तवावर धरून मऊ करून घ्यायचं म्हणजे फाटत नाही. कोथिंबीर ओल्या फडक्यात गुंडाळून माठाच्या बुडाशी ठेवायची, आमची आई तशीच ठेवते. सगळ्याला एकच उपाय शोधू नका एवढंच म्हणेन.


इतवारीची_मावशी
२२ एप्रिल, दुपारी ३:२०

अंबानगरी, तुझा प्रश्न वाचून राहवलं नाही म्हणून दुपारची झोप सोडून लिहायला बसले. मी नागपूरची. २०१९ च्या पावसाळ्यापासून ही फडकी करतेय. माझ्या घरात आज अकरा आहेत, लेकीकडे नऊ, शेजारणींकडे किती ते मोजलं नाही. तू जे जे लिहिलंस त्यातलं बहुतेक माझ्या पहिल्या उन्हाळ्यात माझंही झालं होतं. पद्धत दुरुस्त होण्यासारखी आहे. फक्त केलेली फडकी अन्नासाठी वापरणं आजच थांबव, कारण तुझं मेण मला मधमेण वाटत नाहीये.

शुभ्र पांढरं आणि बिनवासाचं मेण मेणबत्तीच्या दुकानात मिळालं तर ते बहुतेक पॅराफिन असतं, म्हणजे खनिज तेलातलं. मधमेण फिकट पिवळ्यापासून गडद हळदीच्या रंगापर्यंत कसंही असेल, आणि त्याला मधाचा मंद वास येतो. उरलेल्या वडीचा हरभऱ्याएवढा तुकडा घे आणि अंगठा व बोटांमध्ये दोन-तीन मिनिटं मळ. मधमेण कणकेसारखं मऊ होतं, ओढलं तर थोडं ताणतं, बोटाला किंचित चिकटतं. पॅराफिन भुगा होतं किंवा बुळबुळीत राहतं. घडीवरच्या पांढऱ्या रेघा आणि कपच्या याच्यामुळेच. पोळीचं म्हणशील तर मधमेण खाण्यात चालतं, फळांवर आणि गोळ्यांवर चकाकीसाठी लावतात तेच ते, वेष्टनावर ई ९०१ असं लिहिलेलं असतं. ते पचत नाही, तसंच बाहेर पडतं. मेणबत्तीचं मेण मात्र खाण्यासाठी केलेलं नसतं. एका पापुद्र्यानं घाबरू नकोस, पण पुन्हा नको.

आता राळ. खरा घोळ इथे झालाय. राळ कापडावर भुरभुरवून इस्त्रीनं कधीच एकजीव होत नाही. मधमेण ६२ ते ६४ अंशांना वितळतं आणि लगेच कापडात पसरतं. राळेला त्याहून जास्त उष्णता आणि बराच वेळ लागतो. मग काय होतं, मेण पुढे पळून जातं आणि राळ जिथे पडली तिथेच डाग होऊन बसते. ते तुझे तपकिरी ठिपके. सगळी चिकटण्याची ताकद त्या ठिपक्यांत अडकली म्हणून उरलेलं कापड वाडग्याला धरत नाही.

राळ आधी मेणात विरघळवायची. मी करते ते सांगते. राळेची पूड घेत नाही, खडे घेते. काष्ठौषधीच्या दुकानात मिळतात, पिवळसर, उजेडात धरले तर काचेसारखे. पुडीत काय मिसळलंय ते कळत नाही, खड्यातली काडीकचरा डोळ्यांना दिसतो. राळ या एकाच नावाखाली सालाच्या झाडाचीही मिळते आणि चिडाचीही. आपल्याला चिडाची हवी, दुकानदार तिला बेरजा किंवा गंधबिरोजा म्हणतो. खडे फडक्यात बांधून वरवंट्यानं फोड, खलबत्त्यात घातलेस तर तो पुन्हा मसाल्याला येणार नाही. फोडताना नाकाला रुमाल लाव.

मोठ्या पातेल्यात पाणी उकळत ठेव, त्यात जाड बुडाचं स्टीलचं छोटं पातेलं. हे पातेलं कायमचं याच कामाला ठेवायचं. मी पहिल्या वेळी आईचं पितळी पातेलं घेतलं, तर मेण हिरवट झालं आणि मला ते सगळं टाकावं लागलं. पितळ, तांबं, लोखंड काही नको. मेण थेट आचेवरही कधी ठेवायचं नाही, तापून पेट घेतं. घेतलाच तर पाणी ओतायचं नाही, झाकण टाकून गॅस बंद करायचा.

आधी मेण वितळू दे, मग राळ थोडी थोडी घाल. सुरुवातीला राळ तळाशी जाऊन चिक्कीच्या पाकासारखा गोळा होऊन बसते, आणि वाटतं की सगळं वाया गेलं. तिथे थांबायचं नाही. आईस्क्रीमच्या लाकडी काडीनं तळ खरवडत ढवळत राहा. माझ्या स्वयंपाकघरात वीस-पंचवीस मिनिटं लागतात. काडी वर उचलल्यावर तिच्या टोकाला कडक गाठ दिसायला नको आणि थेंब मधासारखा सलग पडायला हवा. मग तेल घाल, एकदा ढवळ आणि जुन्या चहाच्या गाळणीतून गाळून घे.

प्रमाण. जे सगळीकडे फिरतं ते १०० ग्रॅम मेण, ३० ग्रॅम राळ, तीन चहाचे चमचे तेल असं काहीसं असतं. ते थंड मुलखातलं आहे. तिथल्या स्वयंपाकघरात २० अंश असतात, कापड कडक पडतं, म्हणून तेल जास्त. आपल्याकडे तेच तेल घातलं की एप्रिलमध्ये फडकं मलूल होऊन चिकटतं. मी १०० ग्रॅम मेणाला २५ ग्रॅम राळ आणि एकच चहाचा चमचा तेल घेते. डिसेंबरात नवीन करायची असतील तर दोन चमचे. तू तर मोठे दोन घातलेस, तेही शेंगदाण्याचं. शेंगदाण्याचं तेल हवा लागून खवट होतं, तुझा वास त्याचाच. घाण्याचं खोबरेल घे. होहोबा तेल मिळालं तर सगळ्यात उत्तम, ते खवट होत नाही, पण महाग पडतं आणि खोबरेलावर माझं काही अडलेलं नाही.

कापडाबद्दल. ओढणी बहुतेक वेळा मिश्र धाग्याची असते. एक धागा काढून जाळून बघ. सुती असेल तर कागदासारखा वास येतो आणि राख चुरडते. टोकाला कडक मणी झाला तर त्यात पॉलिस्टर आहे, मेण आत शिरणार नाही. ब्लाउजच्या अस्तराचं सुती कापड चांगलं, घट्ट विणीचं जुनं धोतर त्याहून चांगलं. मलमल फार विरळ पडते. खळ जाईपर्यंत गरम पाण्यानं दोनदा धू आणि पूर्ण वाळव. कडा झिगझॅग कात्रीनं काप, शिवायची गरज नाही.

लावताना फडकं बटर पेपरवर पसर, ब्रशनं मिश्रण पातळ फिरव, मधूनच ते गोठेल, गोठू दे. वरून दुसरा बटर पेपर ठेवून इस्त्री मध्यमवर फिरव. आता राळ आधीच मेणात आहे, त्यामुळे सगळं सारखं पसरतं. कापड ओलं झाल्यासारखं गडद दिसलं की दोन कोपरे धरून उचल आणि हवेत हलव. मिनिटभरात वाळतं. बेतानं लाव. ३० सेंटीमीटर चौरसाचं माझं फडकं कोरडं असताना साधारण १० ग्रॅम भरतं, त्याला १२ ते १५ ग्रॅम मिश्रण पुरतं. जास्त लावलं की थर बसतो, आणि थर बसला की तडकतो.

इतकं करूनही मेमध्ये आपल्या गावांत ही फडकी ओट्यावर टिकत नाहीत, हे आत्ताच सांगून ठेवते. ४४-४५ अंशांत कुठलंही प्रमाण घे, मऊ पडणारच. मी एप्रिल ते मृग लागेपर्यंत ती फ्रिजच्या दारात ठेवते, दोन फडक्यांमध्ये कागद घालून गुंडाळी करून. फ्रिजमधून काढल्यावर ती कडक वाटतात, तेव्हा वाडग्यावर ठेवून कडेवर तळहात अर्धा मिनिट दाबून धरायचे. हाताच्या उबेनं ती बसतात, पुन्हा फ्रिजमध्ये गेली की तशीच घट्ट राहतात.

पोळ्यांबद्दल कुडाळकर दादांनी सांगितलं तेच. गरम काही यात जायचंच नाही. मासे-मटण नाही, कारण ही फडकी गरम पाण्यानं धुता येत नाहीत. माझ्याकडे यांत कणीक, काकडी, खोबऱ्याची वाटी, पाव, कोथिंबीर, आलं, कापलेल्या टरबुजाची बाजू एवढं झाकलं जातं. कांद्याचं फडकं वेगळं ठेव, वास जात नाही. मी त्याच्या कोपऱ्याला लाल दोरा घातलाय, म्हणजे घाईत कुणी त्यानं दही झाकत नाही.

धुताना थंड पाणी, हातानंच, साबणाचा अगदी थोडा फेस. घासणी लावायची नाही. दोरीवर सावलीत. आमच्या गच्चीत उन्हात वाळत घातलेलं एक फडकं दोरीलाच वितळून बसलं होतं.


मधपेटी
२२ एप्रिल, रात्री ९:५०

मावशींनी सगळं सांगितलंच आहे, मी फक्त मेणाबद्दल बोलतो. माझ्या मधमाश्यांच्या पेट्या महाबळेश्वर तालुक्यात आहेत, मांघरपासून फार लांब नाही. २०२२ साली मधाचं गाव म्हणून जाहीर झालं तेच मांघर. पुण्याच्या केंद्रीय मधमाशी संशोधन आणि प्रशिक्षण संस्थेत मी शिकलो, तेव्हापासून सातेरी माश्या पाळतोय.

मेण घेताना कुठल्या पोळ्याचं आहे ते नक्की विचारा. मध पिकला की माश्या प्रत्येक कप्प्यावर मेणाचं पातळ झाकण लावतात. मध काढताना ती झाकणं आम्ही सुरीनं उतरवतो. अन्नासाठी हे मेण सर्वांत स्वच्छ, कारण ते त्याच हंगामातलं कोरं असतं. ज्या पोळ्यात वर्षानुवर्षं अंडी-अळ्या वाढल्या ते काळं पडतं आणि बाहेरून आलेली औषधं, फवारण्या मेणात साठून राहतात. तसलं मेण मेणबत्तीला ठीक, अन्नाला लावू नका. झाकणांचं मेण फार निघत नाही, शंभर किलो मधामागे एक-दोन किलो. म्हणून ते स्वस्त मिळालं तर शंका घ्या.

अमरावतीकरांना मेळघाट जवळ. तिकडचं मेण आग्या मोहोळाचं असतं आणि तेही चांगलं असतं, पण मोहोळ कसं काढलं ते विचारा. मशालीनं जाळून काढलेल्या मोहोळात हजारो माश्या मरतात आणि मेणात राख-धूर मिसळतो. पोळ्याचा फक्त मधाचा भाग कापून, अळ्यांचा भाग फांदीला तसाच ठेवणारे लोक आहेत. त्यांच्याकडून घेतलंत तर पुढच्या वर्षीही तिथे मोहोळ बसेल. कामकरी माशीच्या पोटाखाली मेणग्रंथींच्या चार जोड्या असतात, त्यांतून टिकलीहून लहान पापुद्रे निघतात आणि ती ते एकेक चावून मऊ करून पोळ्याला लावते. तुमच्या १०० ग्रॅमच्या वडीत असे पापुद्रे किती असतील ते मनात आणा आणि एक कपचीही वाया घालवू नका.

कच्चं मेण मिळालं तर सुती फडक्याच्या पुरचुंडीत बांधून स्टीलच्या पातेल्यात पाण्यात उकळा आणि पळीनं दाबत राहा. चोथा पुरचुंडीत राहतो, मेण पाण्यावर येतं. रात्रभर हलवू नका. सकाळी वर चकती धरलेली असते, तिच्या बुडाचा करडा गाळ सुरीनं खरवडून टाका. फार मळकं असेल तर पुन्हा एकदा तसंच. पुरचुंडी पिळण्याच्या मोहात पडू नका, हात पोळतो.


अंबानगरी
६ मे, रात्री ११:१०

मावशी, दादा, कुठल्या शब्दांत आभार मानू कळत नाही. इतकं सविस्तर घरचंच माणूस सांगतं.

तुकडा मळून बघितला, भुगा झाला. म्हणजे पॅराफिनच. ओढण्यांपैकी एकीच्या धाग्याला कडक मणी आला, दुसरी सुती निघाली. जुनी फडकी आता कपडे धुण्याचे साबण गुंडाळायला ठेवलीत.

नवीन मेण चिखलदऱ्याच्या बाजूला शिक्षक असलेल्या माझ्या मावसभावानं आणून दिलं. मोहोळ कसं काढलं ते मी विचारायला लावलं, न जाळता काढलेलं आहे. गडद पिवळं, आणि पिशवी उघडताच घरभर मधाचा वास. दोनदा उकळून चकती केली. पहिल्या चकतीच्या बुडाशी बोटभर गाळ होता, दुसऱ्या वेळी अगदी पुसट. राळ विरघळायला मला पस्तीस मिनिटं लागली. मध्येच तिचा गोळा झाला तेव्हा मावशींचं ‘तिथे थांबायचं नाही’ आठवलं आणि ढवळत राहिले. सासऱ्यांच्या धोतराची सहा फडकी झाली. पांढरी रेघ नाही, ठिपका नाही. काल रात्रीची कणीक आज सकाळी जशीच्या तशी मऊ होती, वर साय धरली नव्हती. सासूबाई म्हणाल्या, त्यांच्या आजोळी बाळंतिणीच्या खोलीत अंथरायला मेणकापड असायचं, हे तर त्याचंच भावंड.

एक अडचण उरलीय. पातेल्यात पाव इंच मिश्रण आणि ब्रशला बरंच लागून गोठलंय. गरम पाण्यानं धुऊन टाकू का? आणि ही फडकी किती दिवस चालतात?


इतवारीची_मावशी
७ मे, सकाळी ६:३०

अगं, मोरीत मुळीच नको! गरम पाण्याबरोबर ते पाइपमध्ये जाईल आणि पुढे गार होऊन बसेल. आमचा पाइप असाच तुंबला होता, तोडून काढावा लागला. पातेलं तसंच झाकून ठेव. पुढच्या वेळी उकळत्या पाण्यात ठेवलंस की मिश्रण पुन्हा पातळ होतं, वाया जात नाही. ब्रशही त्यातच उभा राहू दे. पातेलं रिकामं करायचंच असेल तर गरम असताना वर्तमानपत्राच्या बोळ्यानं पुसून घे.

रोज वापरलं तर वर्षभर चालतं. सहा-आठ महिन्यांनी पकड कमी झाली, घड्यांवर कापड उघडं दिसायला लागलं, की बटर पेपरमध्ये घालून नुसती इस्त्री फिरव, मेण पुन्हा सारखं पसरतं. उघड्या जागी उरलेलं मिश्रण थोडंसं किसून टाक. असं दोन-तीनदा करता येतं. कापड विरलं की मी बोटभर पट्ट्या कापून पीळ देऊन ठेवते. थंडीत अंगणात शेकोटी करतो तेव्हा एक पट्टी खाली घातली की ओलसर लाकूडही काकडा लावल्यासारखं धरतं.

मेळघाटचं मेण उरलं असेल तर कागदात गुंडाळून ठेव, वर्षानुवर्षं टिकतं. वर पांढरट पूड धरली तर ती बुरशी नाही, मेणाचंच फूल आहे. उबेला धरलं की जातं.